‘खालिक बारी’ कुणाची? अमीर खुसरो यांची की जियाउद्दीन खुसरो यांची?

‘खालिक बारी’ हा हिंदवी, फारसी आणि अरबी शब्दांचा छोटासा पद्यकोश आहे. दोनशेच्या आसपास बैती, म्हणजे दोन ओळींच्या कडव्या. एका भाषेतला शब्द, लगेच दुसऱ्या भाषेतला त्याच अर्थाचा शब्द, आणि ते सगळं लयीत बसवलेलं, जेणेकरून मकतबातल्या मुलांनी मान हलवत पाठ करावं. पहिल्या ओळीतले पहिले दोन शब्द अल्लाहची दोन नावं आहेत, खालिक आणि बारी, निर्माण करणारा आणि घडवणारा. तेच पुस्तकाचं नाव पडलं. उत्तर हिंदुस्थानात कित्येक पिढ्यांनी फारसीची सुरुवात या पुस्तकापासून केली. मुसलमान मुलांनी केली, तशी कायस्थ आणि खत्री घरांतल्या मुलांनीही केली, कारण दरबारी नोकरी फारसीशिवाय मिळत नव्हती.

आपल्याकडे हे पुस्तक आता कुणी शिकवत नाही. पण नाव मात्र ऐकलेलं असतं, आणि ते बहुतेक वेळा एकाच वाक्यात ऐकलेलं असतं: ‘हजरत अमीर खुसरो (रह.) यांनी खालिक बारी लिहिली.’ उर्दू दिनाच्या कार्यक्रमात, प्रश्नमंजूषेत, निबंध स्पर्धेत, मोबाईलवर फिरणाऱ्या मजकुरात हे वाक्य इतकं सहज येतं की त्यात काही वाद असेल असं वाटतच नाही. वाद आहे, आणि जुना आहे. उर्दू संशोधनातला हा एक नामांकित वाद मानला जातो. दोन्ही बाजू समजून घेतल्या तर आपला इतिहास कसा तपासला जातो हेही कळतं.

आधी पुस्तकाविषयी

अशा पद्यकोशाला ‘निसाब’ म्हणतात. आज निसाब म्हटलं की आपल्याला अभ्यासक्रम आठवतो किंवा जकातीची मर्यादा. पण शब्दकोशाच्या अर्थाने हा शब्द आला तो अबू नस्र फराही यांच्या ‘निसाबुस्सिब्यान’वरून. तेराव्या शतकातलं हे पुस्तक अरबी शब्द फारसीत समजावतं. सिब्यान म्हणजे मुलं. इराण, अफगाणिस्तान आणि हिंदुस्थानच्या मदरशांत ते शेकडो वर्षं चाललं. हिंदुस्थानात आल्यावर या प्रकाराला तिसरी भाषा चिकटली, इथल्या लोकांची. त्या भाषेला तेव्हा हिंदवी म्हणत.

‘खालिक बारी’त शब्दांना काही क्रम नाही. संस्कृतच्या अमरकोशात स्वर्गवर्ग वेगळा, भूमिवर्ग वेगळा, अशी नीट मांडणी असते. इथे तसं काही नाही. अल्लाह आणि रसूल (स.) यांच्यापासून सुरुवात होते, आणि मग रस्ता, घर, जनावरं, धान्य, शरीराचे अवयव, नातीगोती असे शब्द येतील तसे येतात. एखादा शब्द दोनदाही येतो. मध्येच वृत्त बदलतं, पुन्हा बदलतं. वर्गात शिकवणाऱ्या माणसाला यात फार नवल वाटणार नाही. मुलांना कंटाळा येऊ नये म्हणून चाल बदलावी लागते आणि फळ्यावरचे शब्द कधी कधी असेच सुचतील तसे लिहिले जातात. पण हीच विस्कळीत मांडणी पुढे वादात मोठा पुरावा ठरली, म्हणून ती लक्षात ठेवा.

हिंदवी शब्द मात्र फार गोड आहेत. अल्लाहसाठी ‘सिरजनहार’ आणि ‘करतार’, पैगंबरासाठी ‘बसीठ’. हा बसीठ म्हणजे निरोप नेणारा दूत; मलिक मुहम्मद जायसीच्या ‘पद्मावत’मध्येही हा शब्द भेटतो. इस्लामी कल्पनांना देशी शब्द लावताना त्या काळच्या उस्तादांना कसलाही संकोच वाटला नाही, हे इथे स्पष्ट दिसतं. आज असा शब्द कुणी भाषणात वापरला तर दोन्हीकडून भुवया उंचावतील.

नाव कुठे आहे?

जुन्या काळात कवी आपलं नाव शेवटच्या कडव्यात गुंफत. ‘खालिक बारी’च्या अखेरीसही नाव येतं, पण ते अर्धं आहे. शायर स्वतःला फकीर, भिकारी म्हणवून घेतो आणि ‘खुसरो शाह’ असं नाव सांगतो. (भिकारी हा शब्द तिथे अगदी याच रूपात आहे, मराठीत आपण वापरतो तसा.) बापाचं नाव नाही, गावाचं नाही, बादशहाचं नाही, साल नाही. मकतबात मुलाने हे पाठ केलं आणि खुसरो म्हटल्यावर त्याच्या डोळ्यासमोर एकच खुसरो आले.

येणारच. अमीर खुसरो यांचा जन्म १२५३ मध्ये पटियाली इथे झाला, आजच्या उत्तर प्रदेशात. वडील तुर्क, आई हिंदुस्थानी घराण्यातली. एकापाठोपाठ एक सुलतानांच्या दरबारात ते राहिले, हजरत निजामुद्दीन औलिया (रह.) यांचे लाडके मुरीद झाले आणि १३२५ मध्ये, पीरांच्या वफातीनंतर काही महिन्यांतच त्यांचाही इंतकाल झाला. दोघांच्या कबरी दिल्लीत एकाच आवारात आहेत. फारसीचे ते इतके मोठे शायर की इराणच्या लोकांनीही त्यांना मानलं. पाच दिवान, निजामी गंजवींच्या तोडीस तोड लिहिलेल्या पाच मसनव्या, इतिहासावर आधारित मसनव्या, गद्य, असा त्यांचा पसारा आहे. ‘खजाइनुल फुतूह’मध्ये अलाउद्दीन खिलजीच्या मोहिमा सांगताना ते आपल्या देवगिरीचीही हकीकत सांगतात.

त्यांनी हिंदवीत लिहिलं का? हो, लिहिलं. हे त्यांनी स्वतःच सांगितलंय. ‘गुर्रतुल कमाल’ या दिवानाच्या दीर्घ प्रस्तावनेत ते म्हणतात की हिंदवी नज्मांचे काही अंश आपण मित्रांना देऊन टाकले. म्हणजे हिंदवी कविता ही त्यांच्यासाठी मैफलीतली, दोस्तांमधली गोष्ट होती. दिवानात जपून ठेवावी अशी ती त्यांना वाटली नाही. नुकसान आपलं झालं. त्यांच्या हयातीत लिहिलेलं त्यांचं एकही हिंदवी हस्तलिखित आज हाती नाही. जे आहे ते शेकडो वर्षं तोंडोतोंडी आलेलं आहे, कव्वालांच्या घराण्यांतून, बायकांच्या गाण्यांतून, कोड्यांतून.

आणि तोंडोतोंडी आलेल्या गोष्टीत भर पडत जाते. खुसरो यांच्या नावावर सांगितल्या जाणाऱ्या कोड्यांमध्ये हुक्क्याची कोडी आहेत, बंदुकीचीही आहेत. तंबाखू हिंदुस्थानात पोर्तुगीजांबरोबर आला, आणि मुघल दरबारात हुक्का दिसू लागला तो अकबराच्या अखेरच्या वर्षांत. खुसरो यांना जाऊन तेव्हा पावणेतीनशे वर्षं झाली होती. ही कोडी वाईट नाहीत, उलट फार छान आहेत. फक्त ती त्यांची असू शकत नाहीत.

यात एक अपवाद सांगायला हवा. डॉक्टर श्प्रेंगर नावाचे एक जर्मन-ऑस्ट्रियन विद्वान एकोणिसाव्या शतकात हिंदुस्थानात होते. त्यांनी जमवलेली हस्तलिखितं पुढे बर्लिनला गेली. त्यातला खुसरो यांच्या हिंदवी कोड्यांचा संग्रह प्रा. गोपीचंद नारंग यांनी शोधून काढला आणि १९८०च्या दशकात ‘अमीर खुसरो का हिंदवी कलाम’ या पुस्तकात छापला. त्यामुळे निदान कोड्यांच्या बाबतीत कुणाच्या आठवणीपेक्षा भक्कम असा कागद समोर आला. अर्थात तोही कागद खुसरो यांच्या काळातला नाही.

परंपरा काय म्हणते

परंपरेने ‘खालिक बारी’ अमीर खुसरो यांचीच. एक गोष्ट अशी सांगतात की सराईत खाणावळ चालवणाऱ्या भटियारणीने आपल्या मुलासाठी काहीतरी लिहून द्या म्हणून खुसरो यांना गळ घातली आणि त्यांनी हे पुस्तक लिहून दिलं. दुसरं एक म्हणणं असं की मंगोलांच्या हल्ल्यांमुळे मध्य आशियातून पळून दिल्लीत आलेल्या लोकांना इथली भाषा यावी म्हणून हा कोश झाला. दुसरं म्हणणं ऐकायला पटतं. दिल्लीत तेव्हा खरोखरच असे खूप लोक आले होते.

१८८० मध्ये मुहम्मद हुसैन आजाद यांचं ‘आबे हयात’ प्रसिद्ध झालं आणि या समजुतीला विद्वानाचा शिक्का मिळाला. आजाद यांनी तर त्यापुढे जाऊन लिहिलं की मूळ ‘खालिक बारी’ अनेक जाडजूड खंडांची होती, आणि मुलं पाठ करतात तो तिचा संक्षेप. आजाद यांच्या गद्याची जादू अशी की एकदा त्यांनी सांगितलं म्हणजे ते डोळ्यांपुढे उभं राहतं. पण त्या जाडजूड खंडांपैकी एक पानही कधी कुणाला दिसलेलं नाही. लिथो छापखान्यांनी स्वस्त आवृत्त्या काढल्या, मुखपृष्ठावर हजरत अमीर खुसरो असं छापलं, आणि प्रश्न मिटला. निदान पन्नासेक वर्षं तरी.

हाफिज महमूद शीरानी

मग आले हाफिज महमूद शीरानी. यांची ओळख थोडी सविस्तर द्यायला हवी, कारण आपल्या नव्या पिढीला त्यांचे चिरंजीव, शायर अख्तर शीरानी, तेवढे माहीत असतात. महमूद शीरानी राजस्थानातल्या टोंकचे, जन्म १८८०. बॅरिस्टर व्हायला लंडनला गेले आणि तिथे हस्तलिखितांच्या नादाला लागले. परत आल्यावर लाहोरच्या इस्लामिया कॉलेजात आणि मग ओरिएंटल कॉलेजात शिकवलं. जुनी हस्तलिखितं आणि नाणी जमवायचा त्यांना छंद नव्हे, ध्यास होता. १९२८ मधलं त्यांचं ‘पंजाब में उर्दू’ आजही वाचलं जातं, त्यातला सिद्धांत पटो वा न पटो.

त्यांची खासियत म्हणजे कुणाचंही मोठं नाव बघून ते घाबरत नसत. शिबली नोमानींच्या ‘शेरुल अजम’मधल्या चुका त्यांनी एकामागून एक काढून दाखवल्या. ‘यूसुफ जुलेखा’ ही मसनवी फिरदौसीची नाही, असं त्यांनी सप्रमाण मांडलं. ‘पृथ्वीराज रासो’च्या जुनेपणावर शंका घेतली. मीर अम्मन यांनी ‘बागो बहार’च्या सुरुवातीला सांगितलंय की चार दरवेशांचा किस्सा अमीर खुसरो यांनी आपल्या आजारी पीरांचं मन रमवायला सांगितला, शीरानींनी दाखवून दिलं की हा किस्सा खुसरो यांच्यानंतर कितीतरी काळाने रचला गेला. म्हणजे ‘खालिक बारी’ला हात घालण्याआधीच खुसरो यांच्या नावावरच्या एका गोष्टीचा त्यांनी निकाल लावला होता.

१९४४ मध्ये अंजुमन तरक्की-ए-उर्दूने दिल्लीहून त्यांनी संपादित केलेलं एक पुस्तक काढलं. नाव होतं ‘हिफ्जुल लिसान’, म्हणजे भाषेचं पाठांतर, आणि खाली ‘खालिक बारी या नावाने प्रसिद्ध’. लेखकाच्या जागी नाव होतं जियाउद्दीन खुसरो. पाठांतराचं जुनं पुस्तक एका नव्याच माणसाच्या नावाने आलं, त्याची किती चर्चा झाली असेल याची कल्पना करा.

त्यांचा पहिला पुरावा कागदाचा. त्यांना प्रस्तावनेसह असलेला मजकूर मिळाला. त्यात पुस्तकाचं नाव ‘हिफ्जुल लिसान’, लेखकाचं नाव जियाउद्दीन खुसरो, आणि साल हिजरी १०३१. इसवी सनात हे १६२१-२२ होतं, म्हणजे जहांगीर बादशहाचा काळ. अमीर खुसरो यांना जाऊन तेव्हा जवळपास तीनशे वर्षं झाली होती.

दुसरा पुरावा गप्प राहण्याचा. अमीर खुसरो स्वतःच्या लिखाणाबद्दल भरभरून बोलणारे. कुठली मसनवी किती दिवसांत लिहिली, किती शेर झाले, हे सगळं ते सांगतात. पण या कोशाचा उल्लेख त्यांच्या कुठल्याच पुस्तकात नाही, आणि त्यांच्या जवळच्या काळातल्या लोकांनीही तो केलेला नाही.

तिसरा पुरावा कारागिरीचा, आणि शीरानी साहेब यावर सर्वांत जास्त खुश दिसतात. इतक्याशा पुस्तकात वृत्तं वारंवार बदलतात. काही ओळी वृत्तात बसत नाहीत. शब्दांचे उच्चार ओढूनताणून बसवलेले. जागा भरायला निरर्थक शब्द घातलेले. छंदशास्त्राचा ज्यांना वस्ताद मानत, ते खुसरो असं कच्चं काम करतील का? आणि शेवटी जे नाव येतं, फकिरी थाटाचं ‘खुसरो शाह’, तसं अमीर खुसरो आपलं नाव कुठे घालत नाहीत.

दुसरी बाजू

शीरानींचं म्हणणं बहुतेक संशोधकांनी मान्य केलं. पण सगळ्यांनी नाही, आणि न मानणाऱ्यांकडेही एक फार वजनदार पुरावा आहे.

अजयचंद भटनागर नावाच्या एका गृहस्थाने हिजरी ९६० मध्ये, म्हणजे १५५३च्या सुमारास, असाच एक निसाब रचला. भटनागर म्हणजे कायस्थ. अकबर तख्तावर यायला अजून अवकाश होता, सूर घराण्याचं राज्य होतं. हा निसाब ज्या नावाने ओळखला जातो ते नाव आहे ‘मिस्ले खालिक बारी’. मिस्ल म्हणजे सारखा. आता १५५३ मध्ये कुणी ‘खालिक बारीसारखं’ पुस्तक लिहितो, तर ‘खालिक बारी’ त्याच्या आधी असायलाच हवी. १६२१ची गोष्ट मग टिकत नाही.

सरळ आहे ना? पण यात एक मेख आहे. ‘मिस्ले खालिक बारी’ हे नाव खुद्द अजयचंदने ठेवलं की नंतरच्या काळात, ‘खालिक बारी’ घरोघरी पोचल्यावर, कुणी नकल करणाऱ्याने किंवा यादी करणाऱ्याने ओळख पटावी म्हणून वर लिहिलं? जुन्या हस्तलिखितांना अशी नावं पडत असत. खुद्द ‘खालिक बारी’चं नावही पहिल्या दोन शब्दांवरून लोकांनीच पाडलं ना. त्यामुळे अजयचंदच्या निसाबाने एक गोष्ट पक्की होते: जहांगीरच्या बऱ्याच आधी हिंदवी-फारसी निसाब लिहिले जात होते. बाबर-हुमायूनच्या काळातले हकीम यूसुफी यांचा हिंदी शब्दांवरचा कसीदाही हेच सांगतो. ‘खालिक बारी’ही तेव्हा होतीच, हे मात्र त्यातून आपोआप निघत नाही.

कारागिरीच्या पुराव्यालाही उत्तर दिलं जातं. मुलांच्या तोंडी तीनशे वर्षं जे पुस्तक राहिलं त्याच्या ओळी शाबूत कशा राहतील? प्रत्येक मकतबात, प्रत्येक नकलेत शब्द बदलले, बैती वाढल्या, काही गळाल्या. हस्तलिखितांत बैतींची संख्या आणि क्रम एकसारखा नाही, हे खरंच आहे. मग वृत्ताचे दोष शायराचे की नकलनवीसाचे? शिवाय मोठ्या शायराने मुलांसाठी लिहिताना दरबारी थाट बाजूला ठेवला असेल, तर त्यात बिघडलं काय? आणि दिवानात नाही म्हणून त्यांचं नाही, असं म्हणावं तर त्यांच्या सगळ्याच हिंदवी कवितेवर पाणी सोडावं लागेल, जिचा उल्लेख त्यांनी स्वतः केलाय.

इथे मुंबईचाही एक धागा आहे. ‘पहली नजर’ या १९४५च्या चित्रपटाची गाणी लिहिणारे आह सीतापुरी म्हणजेच सफदर आह. मुकेश यांचा आवाज ज्या गाण्याने घरोघरी पोचला ते त्यांचंच. त्यांनी पुढे अमीर खुसरो यांच्या हिंदी कवितेवर स्वतंत्र पुस्तक लिहिलं. १९७५ मध्ये खुसरो यांचा स्मृतिसोहळा भारत आणि पाकिस्तानात मोठ्या प्रमाणावर साजरा झाला, तेव्हा या सगळ्या प्रश्नांवर पुन्हा लिहिलं-बोललं गेलं. तोवर हिंदीच्या बाजूनेही काम झालं होतं. श्रीराम शर्मा यांनी ‘खालिक बारी’ नागरी लिपीत संपादित केली आणि काशीच्या नागरी प्रचारिणी सभेने ती प्रसिद्ध केली.

मला स्वतःला काय वाटतं? आज जी ‘खालिक बारी’ आपल्या हाती आहे ती अमीर खुसरो यांची नाही, याबद्दल शीरानींचं पटतं. वृत्ताच्या दोषांपेक्षा मला प्रस्तावनेतलं नाव आणि साल जास्त महत्त्वाचं वाटतं. कच्च्या ओळी कुणाच्याही असू शकतात. पण एखाद्या माणसाने आपलं नाव, पुस्तकाचं नाव आणि साल लिहून ठेवलंय, तर ते बाजूला सारायला तेवढंच भक्कम काहीतरी हवं, आणि अजयचंदच्या पुस्तकावरचं शीर्षक तेवढं भक्कम नाही. जियाउद्दीन यांनी आधीपासून चालत आलेल्या काही बैती आपल्या पुस्तकात घेतल्या असणं मात्र अगदी शक्य आहे. शिक्षक असंच करतात. जुन्या उस्तादाकडून पाठ केलेलं असतं, त्यात आपली चार वाक्यं जोडतात आणि वर्गाला देतात.

नाव तपासण्याची आपली जुनी रीत

काही लोकांना या चर्चेचा त्रास होतो. ‘आधीच आपल्या बुजुर्गांची नावं पुसली जातायत, त्यात आपणच कशाला कमी करायची?’ असं एका सभेनंतर मला कुणीतरी बोललं होतं. भावना समजते. पाठ्यपुस्तकांतून काय जातंय आणि काय येतंय हे आम्ही शिक्षक रोजच बघतो. पण अमीर खुसरो यांची उंची या दोनशे बैतींवर उभी नाही. आणि चुकीच्या दाव्यावर उभं राहिलं की समोरच्याने एक वीट काढली तरी सगळी भिंत संशयात येते.

शिवाय ही तपासणी काही बाहेरून आलेली नाही. हदीसच्या मुहद्दिसांनी हेच तर केलं. कुणाकडून ऐकलं, त्याने कुणाकडून, मधला माणूस त्या काळात जिवंत होता का, दोघांची भेट झाली होती का. एकाच नावाचे दोन रावी असले तर गोंधळ होऊ नये म्हणून वेगळी शाखाच निर्माण झाली. अकराव्या शतकात खतीब बगदादींनी एकसारख्या नावांच्या वेगवेगळ्या माणसांवर ‘अल-मुत्तफिक वल-मुफ्तरिक’ नावाचं आख्खं पुस्तक लिहिलं. आपला प्रश्न नेमका तोच आहे: नाव एक, माणसं दोन. शीरानी हाफिज होते, मदरशाच्या वळणातून आलेले होते. त्यांना ही नजर कुठून मिळाली हे वेगळं सांगायला नको.

दख्खनमध्येही असं झालंय. ‘मेराजुल आशिकीन’ ही गद्य पुस्तिका हजरत ख्वाजा बंदानवाज गेसूदराज (रह.) यांची म्हणून मौलवी अब्दुल हक यांनी छापली आणि ती दख्खनी उर्दूतलं पहिलं गद्य म्हणून शिकवली जाऊ लागली. पुढे हफीज कतील यांनी ती नंतरच्या काळातल्या मखदूम शाह हुसैनी यांची असल्याचं दाखवलं. गुलबर्ग्याच्या दर्ग्यावरची गर्दी त्यामुळे कमी झाली नाही. मराठीत तर एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ‘भारद्वाज’ या नावाने लिहिणाऱ्या लेखकाने ‘सुधारक’मध्ये वाद उभा केला होता की ज्ञानेश्वरी लिहिणारे ज्ञानदेव आणि अभंगांचे ज्ञानदेव हे दोन वेगळे. विद्वानांनी तो वाद वर्षानुवर्षं घातला. वारी चालूच राहिली.

‘खालिक बारी’नंतर काय

पुस्तक कुणाचंही असो, त्याने एक घराणं उभं केलं. अब्दुल वासे हांसवींची ‘समद बारी’ आली, जिला ‘जान पहचान’ही म्हणतात. ‘वाहिद बारी’ आली, ‘अल्लाह खुदाई’ आली. शिवाजी महाराजांच्या दरबारात रघुनाथ पंडितांनी ‘राज्यव्यवहारकोश’ रचला तोही पद्यातच, पण त्याची दिशा उलटी होती: फारसी-दख्खनी कारभारी शब्दांना संस्कृत पर्याय द्यायचे. रचना अमरकोशाच्या वळणाची, वर्गवार. दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवून पाहिली तर सतराव्या शतकातला माणूस किती भाषांमध्ये वावरत होता ते कळतं.

१८३७ मध्ये कंपनी सरकारने कचेऱ्यांतून फारसी हटवली. त्यानंतर या निसाबांची गरज हळूहळू संपत गेली, तरी मकतबांत ते बराच काळ टिकले. मिर्जा गालिब यांनी याच धर्तीवर ‘कादिरनामा’ लिहिला. त्यांना स्वतःची मुलं जगली नव्हती. पत्नीच्या भाच्याची, आरिफची, दोन पोरकी मुलं त्यांनी घरी वाढवली, आणि त्यांच्या अभ्यासासाठी हा छोटा कोश झाला असं मानतात. १८५६ मध्ये तो छापून आला. नाव पुन्हा तसंच पडलं, पहिल्या शब्दावरून, अल्लाहच्या एका नावाने.

आपल्या उर्दू माध्यमाच्या शाळांत भिंतीवरच्या तक्त्यांवर, प्रश्नमंजूषेच्या वह्यांत जिथे जिथे ‘खालिक बारीचे लेखक कोण?’ हा प्रश्न आहे, तिथे उत्तरात एक ओळ वाढवता येईल: परंपरेने अमीर खुसरो यांच्या नावावर, हाफिज महमूद शीरानी यांच्या संशोधनानुसार जियाउद्दीन खुसरो, हिजरी १०३१. मुलं विचारतील, हे जियाउद्दीन कोण? मग त्यांना ‘हिफ्जुल लिसान’ या नावाचा अर्थ सांगावा, आणि त्यातले दहा-बारा शब्द फळ्यावर लिहून मराठीत त्यांचे जोडीदार शोधायला लावावेत. बरेच सापडतात.